नामदार गोपाळ कृष्ण गोखले व गिरमिटी मजूर

थोर पुरुषांचीं चरित्रें वाचतांना आपली दृष्टि बहुधा त्यांच्या यशाकडे जाते. परंतु कित्येकांची खरी योग्यता त्यांच्या पराजयांतच दिसून येते. नामदार गोपाळ कृष्ण गोखले हे अशांपैकीं एक होत. इ. स. १९१२ च्या मार्च महिन्यांत, अवघ्या पंधरा दिवसांच्या अंतरानें, वरिष्ठ कायदेमंडळांत त्यांच्या दोन मोठ्या मागण्या नामंजूर झाल्या. एक मागणी अशी होती कीं, समुद्रापलीकडील मळ्यांवर हिंदी मजुरांना करारानें जखडून पाठविण्याची 'गिरमिट' पद्धति अजिबात बंद करावी. दुसरी अशी कीं, खेड्यापाड्यांतील मुलांना सक्तीचें प्राथमिक शिक्षण देण्याचा मार्ग मोकळा करावा. पहिली मागणी त्यांच्या मृत्यूनंतर दोन वर्षांनीं अमलांत आली. दुसरीला त्याहून पुष्कळ अधिक काळ लागला. शिक्षणाविषयींच्या त्यांच्या खटपटीची माहिती आमच्या विद्यार्थ्यांना थोडीबहुत असते. गिरमिटाचा इतिहास मात्र फारसा कोणाच्या कानांवर येत नाहीं. म्हणून त्यांच्या चरित्राचा तोच भाग येथें विशेष विस्तारानें सांगण्याचें योजिलें आहे.

गोपाळरावांचा जन्म ता. ९ मे १८६६ रोजीं रत्नागिरी जिल्ह्यांतील कोतळूक या गांवीं झाला. वडील कृष्णराव हे कागल संस्थानांत नोकरीस होते. घरची स्थिति बेताची होती. तशांत गोपाळराव तेरा वर्षांचे असतां वडील निवर्तले. थोरले बंधु गोविंदराव यांनीं आपलें शिक्षण अर्ध्यावर सोडलें व दरमहा १५ रुपयांची नोकरी धरली. त्या पंधरांतून ८ रुपये ते धाकट्या भावाच्या शिक्षणासाठीं पाठवीत व उरलेल्या ७ रुपयांत सगळ्या घराचा संसार चालवीत. गोपाळरावांनीं त्या आठ रुपयांतील एक पैहि वायफळ खर्च होऊं दिली नाहीं. कोल्हापूरचें राजाराम कॉलेज, पुण्याचें डेक्कन कॉलेज व मुंबईचें एल्फिन्स्टन कॉलेज अशा मार्गानें जाऊन १८८४ सालीं, वयाच्या अठराव्या वर्षीं, ते बी. ए. झाले. दुसऱ्याच्या पोटाला चिमटा बसून आपलें शिक्षण झालें आहे, ही जाणीव त्यांच्या मनांत जन्मभर राहिली.

पदवी मिळाल्यावर सरकारी नोकरी किंवा वकिली हे दोन्ही मार्ग त्यांना मोकळे होते. परंतु त्यांनीं पत्करिली ती शिक्षकाची वृत्ति. पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमध्यें ते शिक्षक झाले व पुढें डेक्कन एज्युकेशन सोसायटीचे आजीव सभासद होऊन फर्ग्युसन कॉलेजांत शिकवूं लागले. अल्प वेतनावर, १९०२ सालापर्यंत, त्यांनीं हें व्रत पाळिलें. गणित, इंग्रजी, इतिहास, अर्थशास्त्र, जो विषय वांट्यास येईल तो ते शिकवीत. त्यांनीं रचिलेलें अंकगणिताचें पुस्तक शाळांतून फार दिवस चाललें. कॉलेजच्या इमारतीसाठीं सुट्टीच्या दिवसांत गांवोगांव हिंडून त्यांनीं वर्गणी गोळा केली. हातीं घेतलेल्या विषयाचा आंकड्यांनिशीं अभ्यास केल्यावांचून त्याविषयीं तोंड उघडावयाचें नाहीं, हा धडा त्यांना न्यायमूर्ति महादेव गोविंद रानडे यांनीं घालून दिला. पुढें कायदेमंडळांत सरकारच्या अंदाजपत्रकावर गोखले बोलावयास उभे राहत, तेव्हां मोठमोठे अधिकारी कागदपत्र सांवरून बसत, तें याच शिस्तीमुळें. ता. १२ जून १९०५ रोजीं त्यांनीं पुणें येथें भारत सेवक समाज स्थापन केला. अल्प वेतनावर सारें आयुष्य देशकार्याला वाहून घेणारे सुशिक्षित तरुण तयार करावे, हा त्या संस्थेचा हेतु होता. त्याच वर्षीं बनारस येथें भरलेल्या राष्ट्रीय सभेचे ते अध्यक्ष झाले.

आतां गिरमिट म्हणजे काय तें पाहूं. इंग्रजी साम्राज्यांतील गुलामगिरी बंद करण्याचा कायदा इ. स. १८३३ मध्यें झाला व पुढील वर्षीं तो अमलांत आला. त्यासाठीं विल्यम विल्बरफोर्स प्रभृति ख्रिस्ती सद्गृहस्थांनीं आपलें आयुष्य वेंचिलें होतें. तथापि या पुण्यकर्मांत एक मोठें वैगुण्य राहून गेलें. गुलामांच्या धन्यांना नुकसानभरपाई म्हणून २ कोटि पौंड देण्यांत आले. परंतु ज्यांनीं पिढ्यान् पिढ्या फुकट राबून उसाचे मळे उभे केले, त्यांच्या हातीं कांहींच पडलें नाहीं. जमीन पूर्वीच्याच धन्याची राहिली. त्यांतहि कांहीं वर्षें उमेदवारीच्या नांवाखालीं त्याच धन्याकडे काम करण्याची अट मुक्त झालेल्यांवर घालण्यांत आली. ती अट सुटतांच पुष्कळांनीं मळ्यांकडे पाठ फिरविली. कोणी जमिनीचा लहानसा तुकडा धरून स्वतःची शेती करूं लागले, तर कोणी मजुरीचा दर ठरवून मगच कामावर येऊं लागले. मळेवाल्यांना हें रुचलें नाहीं. मजूर मिळत नव्हते असें नव्हे. त्यांना हवा होता तो नाहीं म्हणण्याची मुभा नसलेला मजूर. असा मजूर त्यांना हिंदुस्थानांत सांपडला.

ता. २ नोव्हेंबर १८३४ रोजीं 'ॲटलास' जहाजांतून ३६ हिंदी मजूर मॉरिशस बेटावर उतरले. पुढें हीच वाट रुळली. १८३८ सालीं दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यावरील डेमेरारा, १८४५ सालीं त्रिनिदाद, १८६० सालीं दक्षिण आफ्रिकेंतील नाताळ व १८७९ सालीं फिजी, अशीं आमचीं माणसें जगाच्या टोकापर्यंत गेलीं. एकट्या मॉरिशसमध्यें सुमारें साडेचार लाख लोक गेले. त्यांत बिहार, संयुक्त प्रांत व मद्रासकडील लोकांचा भरणा अधिक असला, तरी मुंबई बंदरांतून गेलेल्या मराठी कुटुंबांची संख्याहि लहान नव्हती. ज्या रत्नागिरी जिल्ह्यांत गोखले जन्मले, त्याच जिल्ह्यांतून कित्येक कुटुंबें या वाटेनें गेलीं. त्यांचे वंशज आजहि त्या बेटावर राहतात व आपल्या मराठीपणाची आठवण प्रेमानें जतन करितात.

'ॲग्रिमेंट' या इंग्रजी शब्दाचा अपभ्रंश म्हणजे 'गिरमिट'. दुष्काळानें, कर्जानें किंवा घरांतील भांडणानें गांजलेला मनुष्य गांठून दलाल त्याला सोन्यासारख्या मुलखाच्या गोष्टी सांगे. डेपोंत नेऊन त्याचा अंगठा कागदावर उठविला कीं तो पांच वर्षें बांधला गेला. आपण कोणत्या देशीं जातों हें पुष्कळांना धड ठाऊक नसे. कोणत्या धन्याच्या मळ्यावर पडणार, हें तर जहाजांतून उतरेपर्यंत कोणालाच ठाऊक नसे. परवान्यावांचून मळा सोडला, काम अपुरें राहिलें, किंवा गैरहजेरी झाली, तर तो फौजदारी गुन्हा ठरे व तुरुंगाची शिक्षा होई. दोन समान माणसांमधील करार मोडला तर दिवाणी दावा व्हावयाचा. येथें एका बाजूला करार मोडण्याबद्दल तुरुंग होता व दुसऱ्या बाजूला फार तर दंड. मॉरिशसमध्यें एक दिवसाच्या गैरहजेरीबद्दल दोन दिवसांची मजुरी कापून घेण्याचा नियम होता. शंभर पुरुषांमागें चाळीस स्त्रिया पाठविल्या म्हणजे झालें, असें प्रमाण ठरलेलें असल्यामुळें कुटुंबव्यवस्था मोडून गेली व मळ्यांवरील वस्त्यांत आत्महत्या व खून यांचें प्रमाण भयंकर वाढलें.

सत्याला धरून बोलावयाचें तर गिरमिट व गुलामगिरी यांत अंतर होतें. गिरमिट्याला मजुरी मिळे, त्याचीं मुलें बाजारांत विकलीं जात नसत, आणि पांच वर्षांनीं तो सुटे. सुटल्यावर ज्याला जमिनीचा तुकडा मिळाला त्यानें पुष्कळ ठिकाणीं उत्तम भाजीपाला व ऊस पिकवून दाखविला. मॉरिशसमधील मोठमोठ्या मळ्यांचे तुकडे पुढें विक्रीस निघाले, तेव्हां पूर्वीच्या गिरमिट्यांनीं पै पै सांठवून ते विकत घेतले. त्यांच्या अंगीं कष्टाची किंवा हुशारीची उणीव नव्हती. उणीव होती ती एवढीच, कीं पांच वर्षें त्यांना पाऊल मागें घेण्याचा अधिकार नव्हता.

हाच मुद्दा गोखल्यांनीं हातीं धरिला. ता. २५ फेब्रुवारी १९१० रोजीं त्यांनीं वरिष्ठ कायदेमंडळांत ठराव आणिला कीं, नाताळ वसाहतींत गिरमिटी मजूर पाठविणें बंद करण्याचा अधिकार सरकारनें घ्यावा. हा ठराव सरकारनें मान्य केला व ता. १ जुलै १९११ पासून नाताळला मजूर जाणें थांबलें. तोंपर्यंत तेथें दीड लाखांहून अधिक मजूर गेले होते. एवढ्यावर समाधान न मानतां ता. ४ मार्च १९१२ रोजीं त्यांनीं दुसरा ठराव मांडिला. ही पद्धति कोणत्याहि वसाहतीसाठीं नको, ती समूळ नष्ट करावी, अशी त्यांची मागणी होती. सरकारपक्षाचें म्हणणें असें कीं, मजूर खुशीनें जातात, घरच्यापेक्षां त्यांना चार पैसे अधिक मिळतात, आणि गैरप्रकार असतील ते नियम कडक करून दूर करितां येतील. गोखल्यांनीं एकेक मुद्दा घेऊन त्यास उत्तर दिलें. ज्याला कागदावरील अक्षर वाचतां येत नाहीं, ज्याला शिक्षेचीं कलमें समजावून सांगितलेलीं नाहींत, त्याची संमति ही संमतीच नव्हे. दोष अंमलबजावणींत नसून पद्धतीच्या मुळाशींच आहे; म्हणून ती सुधारण्याजोगी नाहीं, मोडण्याजोगी आहे. आणि ज्या देशाच्या लोकांना जगांत केवळ कुली म्हणून ओळखतात, त्या सर्व देशाची त्यांत मानहानि आहे. त्यांच्या बाजूनें २२ हिंदी सभासदांनीं मत दिलें. परंतु सरकारी मतांच्या जोरावर ठराव फेटाळला गेला.

पंधरा दिवसांनीं, ता. १९ मार्च रोजीं, त्यांचें प्राथमिक शिक्षणाचें बिलहि १३ विरुद्ध ३८ मतांनीं पडलें. या दोन पराजयांचा संबंध विद्यार्थ्यांनीं नीट ध्यानांत घ्यावा. अक्षरशत्रु मनुष्याचा अंगठा धरून त्याला बांधतां येतें. लिहितां वाचतां येणाऱ्याला तितक्या सहज बांधतां येत नाहीं. बेडी तोडणें व अक्षर शिकविणें हीं एकाच कार्याचीं दोन अंगें होतीं, आणि दोन्ही त्या एकाच महिन्यांत नाकारलीं गेलीं. गोखले खचले नाहींत. ठराव पुन्हां पुन्हां आणावयाचा असा त्यांचा निश्चय होता.

त्याच वर्षीं ता. २२ ऑक्टोबर रोजीं ते दक्षिण आफ्रिकेंत केपटाऊन येथें उतरले. मधुमेहानें शरीर पोखरलें होतें. तरीहि गांधीजींना सोबत घेऊन महिनाभर त्यांनीं तो विस्तीर्ण देश पालथा घातला. गांधीजींच्या टॉल्स्टॉय फार्मवर सर्व मंडळी जमिनीवर निजतात असें कळतांच आपल्यासाठीं मांडलेली खाट त्यांनीं काढावयास लाविली. एका सभेंत गांधीजींच्या आग्रहावरून ते मराठींत बोलले, कारण श्रोत्यांत कोकणी मुसलमान व कांहीं महाराष्ट्रीय हिंदु होते. त्याचें हिंदुस्थानी भाषांतर स्वतः गांधीजींनीं केलें. घरापासून इतक्या दूर आपल्या भाषेंतील शब्द ऐकून त्या श्रोत्यांना काय वाटलें असेल, याची कल्पनाच केलेली बरी.

परंतु या दौऱ्यांतील मुख्य विषय होता तीन पौंडांचा कर. नाताळ म्हणजे ख्रिस्तजन्माचा दिवस. वास्को द गामा याला १४९७ सालीं नाताळच्या दिवशीं तो किनारा दिसला, म्हणून त्या मुलखाला हें मंगल नांव पडलें. त्याच नाताळमध्यें १८९५ सालीं असा कायदा झाला कीं, गिरमिट संपल्यावर जो मजूर पुन्हां गिरमिट करणार नाहीं व हिंदुस्थानांतहि परत जाणार नाहीं, त्यानें वर्षाला ३ पौंड कर द्यावा. मळेवाल्यांचा मूळ विचार २५ पौंडांचा होता! पुढें सोळा वर्षांवरील मुलगा व तेरा वर्षांवरील मुलगी यांनाहि हा कर लागू झाला. आतां अंकगणित करून पाहूं. नवरा, बायको, एक मुलगा व एक मुलगी अशा घराला वर्षाचा कर १२ पौंड, म्हणजे २४० शिलिंग. गिरमिटी मजुराचा पगार पहिल्या वर्षीं दरमहा १० शिलिंग व पांचव्या वर्षीं १४ शिलिंग. म्हणजे शेवटच्या वर्षाची सगळी कमाई १६८ शिलिंग. वर्षभर राबून जें मिळावयाचें त्याहून कर अधिक! अर्थात् कर चुकविण्यासाठीं पुन्हां गिरमिट करणें हाच एक मार्ग उरे, आणि तोच मळेवाल्यांचा हेतु होता. त्या वेळच्या १५ रुपयांना एक पौंड या भावानें बारा पौंडांचे १८० रुपये होतात; आणि गोविंदरावांची दरमहा १५ रुपयांप्रमाणें वर्षाची कमाई बरोबर तितकीच होती. दारिद्र्य म्हणजे काय हें गोखल्यांना कोणी आंकड्यांनीं समजावून देण्याची गरज नव्हती.

नोव्हेंबरांत प्रिटोरिया येथें ते बोथा, स्मट्स इत्यादि मंत्र्यांस भेटले. कर रद्द होणार असा विश्वास घेऊन ते परतले. परंतु पुढील वर्षीं तेथील सरकारनें असें वचन दिल्याचें नाकारलें. तेव्हां गांधीजींनीं सत्याग्रह पुकारला. १९१३ च्या ऑक्टोबरांत न्यूकॅसलच्या कोळशाच्या खाणींतील मजुरांनीं काम बंद केलें, ता. ६ नोव्हेंबर रोजीं दोन हजारांहून अधिक स्त्रीपुरुष ट्रान्सव्हालच्या सरहद्दीकडे पायीं निघाले. पाठोपाठ उसाच्या मळ्यांवरील मजूरहि उठले. लाठ्या चालल्या, गोळ्या झाडल्या गेल्या, कित्येक मजूर प्राणांस मुकले. इकडे गोखले आजारी असूनहि फंड गोळा करण्यासाठीं गांवोगांव हिंडत होते. दिल्लीच्या सेंट स्टीफन्स कॉलेजांतील मिशनरी अध्यापक चार्ल्स फ्रीअर ॲन्ड्रूज यांनीं आपली सर्व शिल्लक त्या फंडास दिली. गोखल्यांनीं त्यांना व त्यांचे स्नेही पिअर्सन यांना आफ्रिकेस पाठविलें व १९१४ च्या जानेवारीच्या आरंभीं ते डरबन येथें पोंचले. एक हिंदु ब्राह्मण व एक इंग्रज ख्रिस्ती पाद्री परक्या देशांतील निरक्षर मजुरांसाठीं एकत्र आले, ही गोष्ट आमच्या शाळेंतील मुलांनीं कधीं विसरूं नये. त्याच वर्षीं तेथील पार्लमेंटनें कायदा करून तीन पौंडांचा कर रद्द केला.

गोखल्यांचें शरीर मात्र या श्रमांनीं झिजून गेलें. ता. १९ फेब्रुवारी १९१५ रोजीं पुणें येथें त्यांनीं देह ठेविला. वय अवघें अठ्ठेचाळीस वर्षांचें होतें. परंतु त्यांनीं पेरलेलें बीं व्यर्थ गेलें नाहीं. ॲन्ड्रूज व पिअर्सन यांनीं फिजीस जाऊन तेथील मजुरांची हकीकत जगापुढें मांडली. १९१६ च्या मार्चमध्यें पंडित मदनमोहन मालवीय यांनीं त्याच कायदेमंडळांत तशाच आशयाचा ठराव आणिला व या वेळीं सरकारनें तो मान्य केला. १९१७ च्या मार्चमध्यें गिरमिटी मजूर पाठविणें थांबलें, आणि ता. १ जानेवारी १९२० रोजीं फिजींतील उरलेले करारहि रद्द झाले. कांहीं वर्षांपूर्वीं जें नामंजूर झालें होतें, तें घडून आलें. मात्र तें पाहण्यास गोखले नव्हते.

विद्यार्थीमित्रहो, हा इतिहास दूरच्या बेटांचा असला तरी त्यांतील प्रश्न आपल्या मेहकर तालुक्याच्या शिवारांतहि आहे. पाडव्याच्या सुमारास सालदार ठरतो. दिवाळीच्या सुमारास शेंकडों कुटुंबें विदर्भ-मराठवाड्यांतून मुकादमाची उचल घेऊन साखर कारखान्यांच्या पट्ट्यांत ऊस तोडावयास जातात. तेथें नवराबायको मिळून 'एक कोयता' समजला जातो व मुलांची शाळा हंगामभर बुडते. वेठबिगारी बंद करणारा कायदा १९७६ सालीं झाला. परंतु कायदा कागदावर असणें व तो माणसाच्या हातीं असणें या दोन गोष्टी निराळ्या आहेत. कोणताहि करार न्यायाचा कीं अन्यायाचा हें ओळखण्याच्या तीन कसोट्या गोखल्यांच्या या कार्यांत सांपडतात. मजुराला कराराच्या सर्व अटी समजल्या आहेत काय? त्याला नाहीं म्हणतां येतें काय? आणि हिशेब चुकता करून त्याला मान वर करून निघून जातां येतें काय? ज्या पालकांच्या घरीं सालदार आहे त्यांनीं आपल्या वहीवर हे प्रश्न विचारावे. ज्यांना स्वतः उचल घ्यावी लागते त्यांनीं आपल्या मुलांकडून ती वही वाचून घ्यावी.

शेतांत राबणाऱ्यांची अडवून ठेवलेली मजुरी परमेश्वराच्या कानांपर्यंत पोंचते, असा इशारा याकोबाच्या पत्रांत श्रीमंतांना दिलेला आहे. पोंचते हें खरें. परंतु ती ऐकून धांवून जाणारीं माणसें लागतात. सात रुपयांत संसार करून आठ रुपये धाकट्या भावाला पाठविणाऱ्या एका अप्रसिद्ध कारकुनानें तसें एक माणूस तयार केलें. आमच्या विद्यार्थ्यांपैकीं कित्येकांच्या घरीं आज तसेंच कोणी तरी पोटाला चिमटा घेऊन शाळेचा खर्च पाठवीत असेल. त्या कष्टांचें ऋण कसें फेडावें, तें गोखल्यांच्या चरित्रावरून शिकावें.